पाठराखिणीची ओटी

सगुणाबाई मला कधी आवडल्या नाहीत. हे आधीच सांगून टाकते, कारण परदेशात दुसऱ्याच्या घरी राबणारी बाई म्हणजे ती प्रेमळ आणि सोशिकच असणार, असं धरून चालणारे लोक भेटले की माझं डोकं फिरतं. सगुणाबाई खाष्ट होत्या. कुजकट बोलायच्या. समोरच्याची जात, धर्म आणि खुर्ची बघून त्याला किती मान द्यायचा ते ठरवायच्या. मी वसईची ख्रिस्ती. दुबईत, मिरदिफच्या त्या व्हिलात मी गेले की मला चहा मिळायचा तो कान तुटलेल्या निळ्या मगात, आणि तो मग स्वयंपाकघराच्या आत कधी जात नसे. बाहेरच्या नळाखाली विसळून खिडकीत पालथा घातलेला असे. हा नियम मालकिणीचा नव्हता, सगुणाबाईंचा होता. "आमच्यात देवीचं सैपाकघर हाय," असं त्यांनी मला पहिल्याच दिवशी तोंडावर ऐकवलं होतं.

मी त्या घराची कोणी पाहुणी नव्हते. अल कुसैसच्या इंडस्ट्रियल भागात सरनोबतसाहेबांची ट्रान्सपोर्ट कंपनी आहे, तिथं मी ऑफिस सांभाळायचे. ट्रकांचे परवाने, ड्रायव्हरांचे व्हिसे हे माझं काम, आणि त्याच्या जोडीला साहेबांच्या घरच्या नोकरांचे व्हिसे, मालकिणीची तिकिटं, मुलीच्या कॉलेजची फी, हेही माझ्याच गळ्यात. त्यामुळे आठवड्यातून एकदा तरी फाइल घेऊन मिरदिफला जावं लागायचं.

सरनोबत म्हणजे गडहिंग्लजकडचं जुनं सरदार घराणं. जमिनी कूळकायद्यात गेल्या, उरलेल्या भावकीनं भांडून खाल्ल्या, पण सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात ना, तो पीळ त्यांनी विमानात घालून दुबईला आणला होता. साहेबांना 'सरकार' म्हणायचं. बाईंना 'वहिनीसाहेब'. त्यांच्या समोरून नोकरानं पाठ फिरवून जायचं नाही. सिल्हेटहून आलेली हाफिजा, जी फरशा पुसायला होती, तीसुद्धा पोछा हातात धरून उलट्या पावली दिवाणखान्याबाहेर पडायची. हे तिला कोणी शिकवलं? सगुणाबाईंनी. चुकली तर तिच्या दंडाला चिमटा काढायच्या. मी एकदा म्हटलं, "सगुणाबाई, क्या जरूरत है? हे दुबई आहे." तर म्हणाल्या, "दुबई भाईर. आत सरनोबतांचं घर."

आता या सगुणाबाई तिथं आल्या कशा ते सांगते, कारण सगळं पुढचं त्याच्यावरच उभं आहे.

तुमच्या-माझ्याकडे पाठराखीण म्हणजे नव्या नवरीच्या सोबतीला चार दिवस जाणारी बहीण. नवरी रुळली की ती परत. पण वहिनीसाहेबांच्या माहेरी, तेही तसलंच मोठं घराणं, पाठराखीण नोकरांच्या घरातली असायची आणि ती परत यायची नाही. मुलीला भांडी दिली, पलंग दिला, तशी एक पोरगी दिली. तिनं मुलीची वेणी घालायची, पाय चेपायचे, तिची बाळंतपणं काढायची आणि तिच्याच घरात म्हातारं व्हायचं. याला कागदपत्र काही नसे. लग्नाच्या आधी, हळकुंडं फोडायच्या दिवशी, पाच सवाष्णींसमोर त्या पोरीच्या आईची ओटी भरायची. साडी, नारळ, तांदूळ. आईनं पदर पसरून ती ओटी घेतली की पोरगी गेली. आणि ओटीला नाही म्हणता येत नाही. ते देवीचं असतं.

सगुणाबाईंच्या आईनं तशी ओटी घेतली. सगुणाबाई तेव्हा सतरा वर्षांच्या होत्या. नवरीबरोबर सासरी आल्या, सासरहून दुबईला. मध्ये वहिनीसाहेबांनीच त्यांचं लग्न लावून दिलं, सरनोबतांच्या शेतावरच्या किसनशी. किसन तिकडे ऊस बघायचा, ही इकडे घर बघायची. एका रजेनंतर मनाली झाली. ती आजीपाशी वाढली. सगुणाबाईंनी अंगाखांद्यावर खेळवली ती वहिनीसाहेबांची इरावती.

त्या घरात सगुणाबाईंचं सगळ्यात मोठं काम फरशी-भांडी नव्हतं. देवीचं होतं. नवरात्रात घट बसायचे, रोज नैवेद्य लागायचा, तो रांधायला घरचीच जुनी बाई हवी आणि ती सवाष्ण हवी. नवरा जिवंत असलेली. हळद दळायची तरी तिनंच, पुरण वाटायचं तरी तिनंच. या मानावर सगुणाबाई जगायच्या. भलंमोठं कुंकू लावायच्या, गळ्यात काळी पोत, आणि हाफिजाला, मला, सगळ्या जगाला तुच्छ लेखायच्या.

दोन वर्षांपूर्वी भाद्रपदात किसन गेला. सरनोबतांच्याच शेतात, पाणी पाजताना मोटारीच्या स्टार्टरचा शॉक बसून. त्याचा भाऊ सोमनाथ, त्याच्याजवळ घरचा नंबर नव्हता, त्यानं ऑफिसात फोन केला. तो मी घेतला. मी साहेबांना सांगितलं, कोल्हापूरपर्यंतचं तिकीट काढलं आणि प्रिंट घेऊन मिरदिफला गेले. मला वाटलं, बाईला गाडीत घालून थेट एअरपोर्टला न्यायची.

वहिनीसाहेबांनी तिकीट वाचलं, घडी घातली आणि मला परत दिलं.

"हिल्डा, कॅन्सल कर हे. घट बसायला आठवडा नाही राहिला. कॉन्सुलेटचे लोक यायचेत अष्टमीला. नैवेद्य कोण करणार?"

"मॅडम, हजबंड गेलाय तिचा."

"गेलाय ना? अग्नीही दिला असेल आत्तापर्यंत. ही तिकडे जाऊन काय करणार आहे? दिवाळी झाली की पाठवू महिनाभर."

मग त्यांनी सगुणाबाईंना हाक मारली आणि माझ्यासमोर, उभ्या उभ्या, सांगितलं. किसन वारला हे सांगितलं आणि त्याच श्वासात हेही सांगितलं की कुंकू पुसायचं नाही, पोत काढायची नाही, आणि रडायचं तर नाहीच, पाहुणे येणार आहेत. "इथं कुणाला माहीत आहे? गावाकडे गेलीस की काय ते कर. दुसरी कोणी असती तर असली बाई मी देवीच्या घरात ठेवलीच नसती. तुला ठेवतेय, हे लक्षात ठेव."

म्हणजे उपकार! माझ्या अंगाचा तिळपापड झाला. सगुणाबाई "जी" म्हणाल्या आणि उलट्या पावली आत गेल्या. थोड्या वेळानं मिक्सरचा आवाज यायला लागला.

मी तशीच त्यांच्यामागं स्वयंपाकघराच्या दारापर्यंत गेले. इथला कायदा घरकामगारांना रजा देतो, पासपोर्ट मालकानं ठेवायचा नाही म्हणतो, तक्रारीला फोन नंबर आहे. तो नंबर मी चिठ्ठीवर लिहून त्यांच्या हातात दिला. त्यांनी चिठ्ठी बघितली नाही. माझ्या पर्सच्या उघड्या चेनीत ती परत खोचली आणि म्हणाल्या, "आमचं काय कंपनीतलं हाय व्हय, तक्रार कराया? तुमी जावा." वर मलाच घालवून दिलं. असा राग आला मला त्या बाईचा! तोंड दाबून बुक्क्यांचा मार खायचा आणि दाबणाऱ्याचाच हात धुऊन पुसून ठेवायचा!

दिवाळीनंतर त्या गावी गेल्या. गावानं विधवेचं जे करायचं ते केलं, कपाळ उघडं, गळा उघडा. महिन्यानं परत आल्या तेव्हा मी आणि झुबेर, साहेबांच्या घरचा ड्रायव्हर, त्यांना आणायला गेलो होतो. व्हिलाच्या दारात वहिनीसाहेब करंडा घेऊन उभ्याच होत्या. त्यांनी स्वतःच्या हातानं सगुणाबाईंच्या कपाळावर कुंकू टेकवलं, काळी पोत गळ्यात घातली आणि म्हणाल्या, "चल, आत हो. मार्गशीर्षाचे गुरुवार आलेत." झुबेर पेशावरचा, त्याला यातलं काही कळलं नाही. तो मला म्हणाला, "मेमसाब कितना प्यार करती है इससे, नहीं?"

एक गोष्ट नीट समजून घ्या. सगुणाबाईंना हे पटत नव्हतं, ते काही आपल्यावर अन्याय होतोय म्हणून नव्हे. त्यांना हे पाप वाटत होतं. रांडमुंड बाईनं देवीचा नैवेद्य शिवू नये यावर त्या घरात सगळ्यात जास्त विश्वास त्यांचाच होता. वहिनीसाहेबांना फक्त व्यवस्था हवी होती. ही मात्र रोज हळद-कुंकवाला हात लावताना आतून घाबरायची. एकदा इरावतीला ताप आला तर सगुणाबाई बाहेरच्या नळापाशी, माझ्या त्या निळ्या मगाशेजारी उभं राहून मला म्हणाल्या, "माझ्या हातानं झालं आसंल." मी म्हटलं, "मॅडमना सांगा मग." "त्यांनीच सांगितलंय न्हवं," म्हणाल्या.

या वर्षी इरावतीचं लग्न ठरलं. मुलगा अबुधाबीत, घराणं सरनोबतांच्या बरोबरीचं. आणि एका सकाळी वहिनीसाहेबांनी मला बोलावून सांगितलं, "मनालीचे पासपोर्टचे फोटो मागवून घे. इरा गेली की महिन्याभरात ती तिथं पोचली पाहिजे. पाठराखीण म्हणून देतेय. आमच्याकडची रीत आहे."

मनाली एकोणीस वर्षांची. कोल्हापुरात नर्सिंगच्या पहिल्या वर्षाला. सगुणाबाईंच्या तोंडून आयुष्यात एकाच माणसाबद्दल मी चांगलं ऐकलं होतं, ते या पोरीबद्दल. तिचा पांढऱ्या ड्रेसमधला फोटो त्यांनी देवघराच्या कपाटात आतल्या बाजूनं चिकटवला होता.

त्या दिवशी मी निघाले तेव्हा सगुणाबाई गाडीपर्यंत आल्या. आधी कधी आल्या नव्हत्या. खिडकीवर हात ठेवून म्हणाल्या, "हिल्डाबाई, पोरीचा इसा हुनार न्हाई, आसं काय करता येतं का?"

"लेट करू शकते मी. पण बाहेरच्या टायपिंग सेंटरमधून अर्ज भरून आणतील ते. तुम्ही सरळ नाही म्हणा ना."

"म्हनलं. शिकतीया म्हनलं. तर वैनीसाब म्हनल्या, तू कुठं शिकली हुतीस, माझ्यासंगं येऊन वाया गेलीस का?"

"मग?"

"मग काय. हळकुंडाच्या दिशी वटी भरनार हाईत माझी. एकदा वटी भरली की खलास."

"नका घेऊ ओटी! पदर पुढं करूच नका!"

त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की जणू मी त्यांना देव्हाऱ्यात थुंकायला सांगितलं. "वटीला न्हाई म्हनत न्हाईत," म्हणाल्या आणि आत गेल्या. मी गाडीत बसून मोठ्यानं शिव्या दिल्या. झुबेरनं रेडिओ मोठा केला.

हळकुंडं फोडायचा दिवस शुक्रवारचा. सकाळपासून व्हिला फुलून गेला होता. मला बोलावलं होतं ते पाहुणी म्हणून नव्हे, तर केटरर, फुलवाला आणि फोटोग्राफर यांच्यावर ओरडायला कोणीतरी हवं म्हणून. हॉलमध्ये मधोमध उखळ मांडलेलं, त्याला आंब्याची पानं बांधलेली. अबुधाबीहून विहीणबाई आल्या होत्या. डॉक्टर बाई, स्वतःचं क्लिनिक, कानात हिरे. त्यांच्या बरोबर त्यांच्या तिघी जावा. सगुणाबाईंनी आदल्या दिवशी ओली हळद स्वतः वाटून चांदीच्या वाटीत काढून ठेवली होती, तिचा पहिला हात विहीणबाईंनी इरावतीच्या गालाला लावला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. पाच जणींनी मुसळाला हात लावला, गाणं म्हटलं. इरावती पिवळ्या साडीत हसत होती आणि फोटोग्राफरला "वन मोर, वन मोर" सांगत होती.

मग वहिनीसाहेबांनी हाक मारली, "सगुणा, पुढे ये."

सगुणाबाई स्वयंपाकघराच्या दारातून आल्या. नवं लुगडं नेसलेल्या, कपाळावर ते भलंमोठं कुंकू.

"विहीणबाई, ही आमची सगुणा. माझ्याबरोबर माझी पाठराखीण म्हणून आली. आता हिची मुलगी आमच्या इराबरोबर तुमच्या घरी येईल. चांगली शिकवून देते. आजकाल असली माणसं मिळत नाहीत, एजन्सीच्या बायकांचा काय भरवसा?" वहिनीसाहेबांनी ताटातली साडी उचलून सगळ्यांना दाखवली. "आठशे दिरहॅमची घेतली. म्हणजे अठरा-एकोणीस हजार झाले ना आपले? घे सगुणा, पदर पसर."

मी कोपऱ्यात केटररचा चहाचा थर्मास धरून उभी होते. आता पदर पसरणार, आता तांदूळ पडणार, आणि सोमवारी मला मनालीचा अर्ज टाइप करावा लागणार.

सगुणाबाईंनी पदर धरला. पुढं आणला नाही. खांद्यावरून घट्ट ओढून घेतला आणि कमरेला खोचला.

"माझी वटी भरता येत न्हाई, वैनीसाब."

"काय?"

"रांडवेची वटी भरत न्हाईत. मालक जाऊन दोन वर्सं झाली. तुमीच सांगितलंत मला."

मी शपथेवर सांगते, त्या क्षणापर्यंत वहिनीसाहेबांच्या डोक्यात किसन मेलेलाच नव्हता. दोन वर्षं त्यांनी ते इतकं नीट झाकून ठेवलं होतं की झाकणाऱ्यालाच विसर पडला होता. नाहीतर नुसती साडी हातात देऊन मोकळ्या झाल्या असत्या. चार सवाष्णींदेखत ओटीचं ताट घेऊन उभ्या राहिल्या नसत्या. त्यांच्या हातात साडी तशीच राहिली. तोंड उघडं. मला आनंद झाला, खोटं कशाला बोलू?

सगळ्यात आधी विहीणबाई बोलल्या. आपल्या पिवळ्या बोटांकडे बघत त्यांनी विचारलं, "म्हणजे ही हळद कोणी वाटली?"

"मी," सगुणाबाई म्हणाल्या. "पुरन बी मीच केलंय. नैवेद्य बी. दोन वर्सं."

"खोटं बोलतेय ती!" वहिनीसाहेब किंचाळल्या. "पोरगी द्यायची नाही म्हणून नाटक करतेय. हिचा नवरा आमच्या शेतावर आहे!"

"हिल्डाबाईस्नी इचारा. फोन हापिसात आल्ता."

सगळा हॉल माझ्याकडे वळला. सरकार माझ्या शेजारीच उभे होते. ते हळू आवाजात इंग्रजीत म्हणाले, "हिल्डा, थिंक बिफोर यू स्पीक." मी विचार केलाच नाही. इतकी वर्षं विचार करून करून कंटाळा आला होता.

"खरं आहे," मी म्हटलं. "फोन मीच घेतला. तुमच्या शेतातल्या मोटारीचा शॉक लागून गेला. मी तिकीट काढलं होतं, मॅडमनी कॅन्सल करायला लावलं. कुंकू पण मॅडमनीच लावलं, स्वतःच्या हातानं, याच दारात. झुबेरला विचारा, तोही होता."

क्लिनिकवाली डॉक्टर बाई उठली आणि बेसिनकडे धावली. तिच्या जावा तिच्यामागं. नळाखाली हात चोळचोळून धुतले. एक जाऊ मोठ्यानं म्हणाली, "अपशकुन करून ठेवला हो, मुलीच्या तोंडालाच!"

आणि इरावती? जिला सगुणाबाईंनी न्हाऊमाखू घातलं, जिच्या आजारात रात्रंदिवस उशाशी बसल्या, ती पाटावरून उठली. मला वेड्यासारखं वाटलं की ही आईला जाब विचारेल. बिझनेस स्कूलला शिकलेली मुलगी. ती सगुणाबाईंसमोर उभी राहिली, गाल दोन्ही हातांनी पुसत.

"यू टच्ड माय हळद? सगुणा, हाऊ कुड यू? यू न्यू! यू न्यू अँड यू टच्ड इट!"

सगुणाबाईंना इंग्रजी येत नाही. पण हे बोलणं त्यांना कळलं. इतका वेळ ताठ उभी असलेली बाई तेवढ्या एका क्षणी खाली बघायला लागली. "माफ करा ताईसाब," म्हणाल्या. ते मात्र त्या मनापासून म्हणाल्या.

विहीणबाई हात पुसत बाहेर आल्या आणि उंबऱ्यातूनच निवाडा केला. लग्न होईल, पत्रिका वाटून झाल्यात. शांत करावी लागेल, खर्च मुलीकडच्यांचा. नवी हळद आणा. "आणि त्या बाईची पोरगी माझ्या घराच्या आसपास दिसता कामा नये." 

झालं. सगुणाबाईंना जे हवं होतं, ते त्यांना विहिणीच्या तोंडून मिळालं. आपणच विटाळलेल्या आहोत असं भर सभेत सांगून त्यांनी पोर सोडवली होती. त्या घरातली जी सगळ्यात सडकी समजूत, तीच त्यांनी काठीसारखी हातात धरून मारली, आणि त्या समजुतीवर त्यांचा पूर्ण विश्वास होता. अशा बाईचं कौतुक करायचं की तिला गदागदा हलवायचं, मला अजून कळलेलं नाही.

वहिनीसाहेबांनी कपाटातून पासपोर्ट आणून तो सगुणाबाईंच्या अंगावर भिरकावला. "नीघ! पंचवीस वर्षं खाल्लंस माझं, आणि माझ्याच मुलीच्या कार्यात विष कालवलंस!" सगुणाबाईंनी पासपोर्ट उचलला. मग आयुष्यात पहिल्यांदा त्या दिवाणखान्यातून पाठ करून चालत गेल्या. मीही थर्मास खाली ठेवला आणि निघाले. माझी नोकरी त्या महिन्याअखेर संपली. आता मी शारजाला रोल्लात एका क्लिनिकच्या रिसेप्शनला बसते आणि माझं ठीक चाललंय.

झुबेरनं आम्हाला अल कुसैसला माझ्या फ्लॅटवर सोडलं. फ्रँक, माझा नवरा, हॉटेलच्या ड्युटीवर होता. सगुणाबाई सरळ बेसिनपाशी गेल्या. कपाळ धुतलं, पोत तोडली, मणी बेसिनमध्ये पडले. आणि मग त्या बाईनं टाहो फोडला. गावाकडे मेलेल्या माणसाचं नाव घेऊन, त्याचे गुण सांगून रडतात तसं. किसनचं पाणी पाजणं, किसनचं विडी ओढणं, सगळं त्यात आलं. दोन वर्षांपूर्वीचं रडणं ते. शेजारची जहांआरा घाबरून धावत आली, "या अल्ला, कौन गुजर गया?" मी म्हटलं, "इनके शौहर." ती जमिनीवर बसली आणि सगुणाबाईंना छातीशी धरून स्वतःही रडायला लागली. सगुणाबाईंनी तिला दूर केलं नाही.

संध्याकाळ व्हायच्या आत माझ्या मोबाइलवर मनालीचा फोन आला, फोटो मागवताना मी तिला नंबर दिला होता. इरावतीनं तिला मेसेज करून सगळं कळवलं होतं. सगुणाबाईंना फोन कानाला लावायचा सुधरत नव्हता, मी स्पीकर सुरू करून दिला. पलीकडून पोरगी रडत आणि संतापत होती.

"आई, का बोललीस तू? सगळं ठरल्यालं माझं! ताईसाबांनी फोटो पाठवले हुते, समुद्रासमोरचं घर हाय त्यांचं. माझी खोली बी दाखवली हुती. हितं काय हाय? त्या होस्टेलात ढेकूण हाईत. मी मैत्रिणींस्नी सांगून बसलीया अबुधाबीला जाणार म्हणून!"

सगुणाबाई फोनजवळ सरकल्या.

"मला इचारलंस का तू? एकदा तरी इचारलंस?"

"न्हाई इचारलं."

"मग? तुला काय अधिकार?"

माझ्या जिभेवर उत्तर आलं होतं, चांगलं खणखणीत. पण सगुणाबाईंनी हात वर करून मला थांबवलं. आवाज बसला होता त्यांचा.

"मनाली, माझ्या आयनं माझ्या नावानं वटी घेतली. तिला बी मला इचारावं वाटलं न्हाई. पंचवीस वर्सं मी रोज सकाळी उठून तिला मनात शिव्या दिल्या, का गं पदर पसरलास म्हनून. तू मला दे शिव्या. लागतील तेवढ्या दे. पर तितनं दे, तुझ्या घरातनं."

पलीकडे फोन बंद झाला. सगुणाबाईंनी तो माझ्यापुढं धरला, बघून सांगा म्हणून. मी म्हटलं, "ठेवला तिनं."

"सोमवारी कालेजला जाईल न्हवं?" त्यांनी विचारलं.

"जाईल," मी म्हटलं. मला काहीच माहीत नव्हतं.